लिबव्हर्ट: अपग्रेडनंतर 'प्रायव्हेट १०.०.० नॉट फाउंड', लॅबच्या सगळ्या व्हीएम बंद

लॅबवाला_सांगली

नमस्कार मंडळी. तांत्रिक विभागात पहिलाच धागा आहे, सांभाळून घ्या.

आमच्या पॉलिटेक्निकच्या लॅबमध्ये एक सर्व्हर आहे. मुलांच्या प्रॅक्टिकलच्या व्हीएम, म्हणजे आभासी संगणक, त्याच्यावर केव्हीएमने (लिनक्स कर्नलमधली व्हीएम चालवायची सोय) चालतात, बहुतेक लिनक्स आणि दोन विंडोज. त्यांचा कारभार लिबव्हर्ट ही लायब्ररी बघते. उबंटू २२.०४ होतं, सुट्टी बघून २४.०४ वर नेलं. अपग्रेड सरळ पार पडलं, रीबूट केलं, आणि आता एकही व्हीएम उठत नाही. विर्शला (लिबव्हर्टला हुकूम द्यायची कमांड) नुसतं 'लिस्ट' म्हटलं तरी हे तोंडावर येतं:

विर्श: /यूएसआर/लोकल/लिब/लिबव्हर्ट.एसओ.०: व्हर्जन 'लिबव्हर्ट_प्रायव्हेट_१०.०.०' नॉट फाउंड

लिबव्हर्टडी सर्व्हिसही (लिबव्हर्टचा मागे चालणारा डेमन) चालू होत नाही, जर्नलमध्ये तीच ओळ पुन्हा पुन्हा. एपीटीला, उबंटूच्या पॅकेज बसवणाऱ्या साधनाला, विचारलं तर तो म्हणतो १०.०.० व्यवस्थित बसलंय. बसलंय तर मग नॉट फाउंड काय आहे? सोमवारी प्रॅक्टिकल आहे आणि मुलांचं सत्रभराचं काम त्या व्हीएममध्ये आहे. ते गेलं असलं तर माझं काही खरं नाही.

शेवटची_लोकल

रुमाल टाकून ठेवतो. रात्री घरी पोचलो की वाचतो.

मीनल_क

आधी पाणी प्या. मुलांचं काम कुठेही गेलेलं नाही.

व्हीएम म्हणजे शेवटी दोन गोष्टी. एक डिस्कची फाइल, ती /व्हार/लिब/लिबव्हर्ट/इमेजेस मध्ये असते, वेगळा स्टोरेज पूल केला असेल तर तिथे. दुसरी व्हीएमची व्याख्या, किती मेमरी, किती प्रोसेसर, कोणतं नेटवर्क, ही एक्सएमएल फाइल /ईटीसी/लिबव्हर्ट/क्यूएमयू मध्ये. तुमची लायब्ररी रुसली आहे, त्याने या दोन्हींना काही होत नाही. तरी काहीही करण्याआधी दोन्ही फोल्डर बाहेरच्या डिस्कवर कॉपी करून ठेवा. डिस्क फायली मोठ्या असतील, वेळ लागेल, लागू दे. स्नॅपशॉट घेतले असतील तर /व्हार/लिब/लिबव्हर्ट/क्यूएमयू/स्नॅपशॉट सुद्धा घ्या, डोकं शांत राहील.

गणपा_गोंधळी

सोपंय राव. एपीटीने लिबव्हर्टची सगळी पॅकेजेस पर्ज मारा आणि पुन्हा इन्स्टॉल करा. माझं नेहमी यानेच सुटतं.

मीनल_क

गणपा, नको! पर्ज म्हणजे कॉन्फिगरेशनसकट साफसफाई. ईटीसीतल्या फायलींनाच हात लागतो आणि व्हीएमच्या व्याख्या तिथेच आहेत. डिस्क उरेल, पण कोणत्या व्हीएमला कोणती डिस्क, कोणता मॅक पत्ता, हे परत हाताने जुळवत बसावं लागेल. शिवाय त्यांच्या एररमधला रस्ता बघा. /यूएसआर/लोकल! एपीटी तिथे फिरकतच नाही. दहा वेळा रीइन्स्टॉल केलं तरी ती फाइल जागची हलणार नाही.

तात्या_टर्मिनल

मीनलताईंनी नस बरोबर पकडली आहे. लॅबवाले, तीन गोष्टींचं आउटपुट इथे टाका, बाकी कशालाही हात लावू नका.

१. एलडीकॉन्फिग ला '-पी' देऊन सिस्टमच्या लायब्ररींची यादी काढा आणि त्यात लिबव्हर्ट शोधा.
२. /यूएसआर/लोकल/लिब मधल्या लिबव्हर्ट नावाच्या सगळ्या फायलींची एलएस -एल यादी.
३. त्यातल्या कोणत्याही एका फाइलवर डीपीकेजी -एस चालवा. ती फाइल कोणत्या पॅकेजने आणली ते तो सांगतो.

लॅबवाला_सांगली

कॉपी रात्रभर लावून ठेवली होती, झाली. आता आउटपुट.

एलडीकॉन्फिगमध्ये लिबव्हर्ट.एसओ.० दोनदा येतं. पहिलं /यूएसआर/लोकल/लिब मधलं, त्याच्याखाली /लिब/एक्स८६_६४-लिनक्स-जीएनयू मधलं.

लोकलमध्ये लिबव्हर्ट.एसओ.० ही लिंक आहे, ती लिबव्हर्ट.एसओ.०.८०००.० कडे जाते. तशाच लिबव्हर्ट-क्यूएमयू, लिबव्हर्ट-एलएक्ससी आणि लिबव्हर्ट-अ‍ॅडमिन यांच्या फायली आहेत. तारीख दोन वर्षांपूर्वीची.

डीपीकेजी म्हणतो, असा रस्ता कोणत्याच पॅकेजमध्ये नाही.

हे काय प्रकरण आहे? आणि आठ हजार म्हणजे काय?

तात्या_टर्मिनल

चोर सापडला. आता सावकाश सांगतो, कारण हे एकदा डोक्यात बसलं की लायब्ररींची निम्मी भांडणं आपली आपण सोडवता येतात.

फाइलच्या नावापासून सुरू करू. लिबव्हर्ट.एसओ.०.८०००.० मधलं ८००० म्हणजे आवृत्ती ८.०.०. पहिला आकडा गुणिले हजार, त्यात मधला मिळवायचा. ८.५.० असती तर ८००५ दिसलं असतं. तुमच्या नव्या पॅकेजची खरी फाइल लिबव्हर्ट.एसओ.०.१००००.० आहे, ती /लिब खाली शांत बसून आहे, तिला कोणी विचारतच नाहीये. उबंटू २२.०४ मध्ये लिबव्हर्ट ८.०.० येतं आणि २४.०४ मध्ये १०.०.०, म्हणजे लोकलमधली फाइल तुमच्या जुन्या उबंटूच्या काळातली आहे.

दोन्हींच्या पुढे एसओ.० सारखंच आहे. विर्श असो, लिबव्हर्टडी असो, चालू होताना लोडरकडे (प्रोग्रामला लायब्ररी आणून जोडणारा सिस्टमचा भाग) फक्त 'लिबव्हर्ट.एसओ.० दे' एवढंच मागतात, पूर्ण नाव कोणी घेत नाही. लोडर आपल्या यादीत बघतो आणि जी आधी सापडेल ती देतो. उबंटूच्या /ईटीसी/एलडी.एसओ.कॉन्फ.डी मध्ये /यूएसआर/लोकल/लिब चा नंबर आधी लागतो. म्हणून नव्या विर्शच्या हातात जुनी लायब्ररी पडली.

आता 'प्रायव्हेट_१०.०.०' चं कोडं. लिबव्हर्ट.एसओ च्या आत फंक्शन्सचे दोन गट आहेत. एक चारचौघांसाठी: व्हीएम चालू करा, यादी द्या, मायग्रेट करा. पायथनची बाइंडिंग, व्हर्ट-मॅनेजर (व्हीएमचं ग्राफिकल साधन), ओपनस्टॅकचं नोव्हा, सगळे हेच वापरतात. त्या प्रत्येक फंक्शनवर ते ज्या आवृत्तीत आलं तिचा शिक्का आहे. सोर्समध्ये लिबव्हर्ट_पब्लिक.सिम्स नावाची फाइल उघडून बघा, यादी ०.०.३ पासून सुरू होते आणि तेव्हाची नावं अजून जागेवर आहेत. दुसरा गट घरातल्यांसाठी: स्ट्रिंग जोडणं, मेमरी मोकळी करणं, एक्सएमएल फोडणं अशी अंतर्गत कामं. डेमन, ड्रायव्हर आणि विर्श ही फंक्शन्स सर्रास वापरतात. पण ती उद्या बदलणार नाहीत अशी हमी कोणीच दिलेली नाही, आणि ती बदलतातही. म्हणून त्या गटावर दर आवृत्तीला नवा शिक्का बसतो, लिबव्हर्ट_प्रायव्हेट आणि पुढे आवृत्ती.

म्हणजे तुमचा १०.०.० चा विर्श म्हणतोय, मला १०.०.० चा शिक्का हवा. लायब्ररीवर ८.०.० चा आहे. लोडर दारातच अडवतो. बिघाड म्हणून हे झालेलं नाही, मुद्दाम ठेवलेला पहारा आहे हा. तो नसता तर डेमन चालू झाला असता, मेमरीतली रचना दोन आवृत्त्यांत वेगळी असल्यामुळे कुठेतरी मधेच कोसळला असता, आणि तेही एखाद्या व्हीएमची व्याख्या लिहिता लिहिता. त्यापेक्षा हे शंभरपट बरं.

गणपा_गोंधळी

तात्या दंडवत. पण मग दोन वर्षं कसं चाललं? लोकलमधली फाइल तेव्हाही पहिलीच होती की.

तात्या_टर्मिनल

शाब्बास, हाच प्रश्न यायला हवा होता. दोन वर्षं दोन्हीकडे ८.०.० होतं. शिक्का जुळत होता, त्यामुळे लोडरला संशय यायचं कारणच नव्हतं. तुमच्याकडे सगळे जण इतके दिवस पॅकेजची नाही, कोणीतरी हाताने बांधलेली लायब्ररी वापरत होते. कुणी आणि का, ते लॅबवालेच शोधतील.

लॅबवाला_सांगली

शोधलं. माझ्या आधी जे सर लॅब बघायचे त्यांना फोन केला. त्यांनी एका पॅचसाठी (सोर्समधल्या बदलासाठी) ८.०.० चा सोर्स आणून, रस्ते सगळे उबंटूचे ठेवून बिल्ड केला होता, आणि पॅकेजची फाइल बिघडू नये म्हणून फक्त तयार झालेल्या एसओ फायली लोकलमध्ये टाकल्या. पॅच कसला होता हे त्यांनाही आता आठवत नाही. नोंद कुठेच नाही.

आता उडवू का त्या फायली?

तात्या_टर्मिनल

उडवू नका, बाजूला सरकवा.

रूटच्या घरात एक फोल्डर करा आणि लोकलमधल्या त्या चारही लायब्ररींच्या फायली, लिंकसकट, तिथे हलवा. मग एलडीकॉन्फिग एकदा नुसताच चालवा, हे विसरायचं नाही, नाहीतर लोडरच्या यादीत जुनीच नोंद राहील. आता /यूएसआर/एसबिन/लिबव्हर्टडी वर एलडीडी चालवून लिबव्हर्ट.एसओ.० च्या पुढचा रस्ता बघा. तिथे /लिब/एक्स८६_६४-लिनक्स-जीएनयू आलं पाहिजे. नसेल तर इथेच थांबा आणि सांगा.

आलं तर सिस्टमसीटीएल रीसेट-फेल्ड. डेमन इतक्या वेळा पडलाय की सिस्टमडीने (सर्व्हिस चालू-बंद करणारा) त्याचा नाद सोडून दिला असणार. मग आधी लिबव्हर्टडी.सॉकेट आणि नंतर लिबव्हर्टडी रीस्टार्ट.

आणि नेटवर कोणीतरी सांगेल की १००००.० नावाची सिमलिंक करून जुन्या फाइलकडे वळवा. तसलं काही करू नका. शिक्का फाइलच्या पोटात असतो, नाव बदलून तो बदलत नाही.

प्रॉक्सी_पाटील

हे सगळं झंझट कशाला? प्रॉक्समॉक्स (व्हीएम चालवायची वेगळी तयार प्रणाली) टाका, ब्राउझर उघडा, क्लिक क्लिक, विषय संपला.

जुना_खोड

पाटील, प्रॉक्समॉक्स चांगलंच आहे, पण धागा लिबव्हर्टचा आहे आणि प्रॉक्समॉक्स लिबव्हर्ट वापरतच नाही. त्यांची क्यूएमयू (व्हीएम प्रत्यक्ष चालवणारा प्रोग्राम) हाकायची यंत्रणा स्वतःची, पर्लमध्ये लिहिलेली. सोमवारच्या प्रॅक्टिकलसाठी शनिवारी अख्खा सर्व्हर बदला हा सल्ला तुम्ही स्वतःच्या ऑफिसात दिला असता का?

अवांतर होतंय, पण लिबव्हर्ट आलं कुठून हे इथल्या नव्या मंडळींना सांगावंसं वाटतं. रेड हॅटमधल्या डॅनियल व्हेयार यांनी २००५च्या शेवटी ते सुरू केलं, तेव्हा समोर होतं झेन, व्हीएम चालवायची त्या काळची प्रणाली. झेनचा इंटरफेस सारखा बदलायचा, वरचं प्रत्येक साधन दर वेळी मोडायचं. म्हणून मध्ये एक लायब्ररी घालायची जिचा चेहरा बदलणार नाही, खाली काय वाटेल ते होऊ दे. सगळीकडे एक्सएमएल का, असं वैतागून विचारणाऱ्यांसाठी: लिबएक्सएमएल२ सुद्धा याच गृहस्थांचं. २००७च्या फेब्रुवारीत लिनक्स २.६.२० बरोबर केव्हीएम कर्नलमध्ये आलं आणि हळूहळू सगळं जग झेनकडून तिकडे सरकलं. ज्यांनी आपली साधनं लिबव्हर्टवर बांधली होती त्यांना त्या स्थलांतराची झळ सगळ्यात कमी बसली. एसओच्या पुढचं ते शून्य बघा, वीस वर्षांत त्याचं एक झालेलं नाही. बाहेरच्यांना दिलेला शब्द मोडावा लागला असता तरच ते बदललं असतं. सी मधल्या इतक्या मोठ्या प्रकल्पात हे फार कमी ठिकाणी दिसतं, आणि त्याचं कौतुकही फारसं कोणी करत नाही.

प्रॉक्सी_पाटील

बरं बाबा, माघार. सोमवार झाल्यावर बोलू.

निवांत_नाशिककर

धागा वाचून मी पण माझ्या लॅपटॉपवर बघितलं. फेडोरा आहे. विर्श लिस्ट ऑल दिलं तर यादी रिकामी! व्हर्ट-मॅनेजरमध्ये मात्र व्हीएम दिसतात. शिवाय लिबव्हर्टडी सर्व्हिस इनॅक्टिव्ह दाखवतंय. माझी पण लायब्ररी गेली का?

मीनल_क

नाशिककर, तुमचं सगळं ठणठणीत आहे, आणि खरं तर वेगळा धागा काढायला हवा होता. :)

साध्या युजरने विर्श चालवला की तो क्यूएमयू सेशनला जोडतो, म्हणजे तुमच्या एकट्याच्या खोलीत. तिथे तुम्ही काही बनवलेलंच नाही. व्हर्ट-मॅनेजर क्यूएमयू सिस्टमला जोडतो. विर्शला '-सी' देऊन सिस्टमचा पत्ता सांगा, यादी दिसेल.

लिबव्हर्टडीचं म्हणाल तर फेडोरा ३५ पासून तो एकच मोठा डेमन राहिलेला नाही, त्याचे तुकडे झालेत. क्यूएमयूसाठी व्हर्टक्यूएमयूडी, नेटवर्कसाठी व्हर्टनेटवर्कडी, स्टोरेजसाठी व्हर्टस्टोरेजडी. रेड हॅट एंटरप्राइज लिनक्स ९ मध्येही तसंच. त्यामुळे तुमच्याकडे लिबव्हर्टडी झोपलेला असणं हेच बरोबर. लॅबवाल्यांच्या उबंटूवर अजून जुनीच रचना आहे, दोघांचे उपाय एकमेकांवर वापरू नका.

लॅबवाला_सांगली

झालं!!!

फायली हलवल्या, एलडीकॉन्फिग, एलडीडीमध्ये रस्ता बरोबर आला. रीसेट-फेल्डशिवाय सॉकेट खरंच उठत नव्हतं, तात्यांना सलाम. विर्श लिस्ट ऑल मध्ये सगळी नावं दिसली, ऑटोस्टार्ट नसलेली 'शट ऑफ' म्हणून. ज्यांना ऑटोस्टार्ट होतं त्या डेमन उठल्याबरोबर आपोआप चालू झाल्या. दोन लिनक्स व्हीएममध्ये लॉगिन करून मुलांच्या फायली उघडून बघितल्या, जशाच्या तशा.

विंडोजच्या दोन अजून चालू केल्या नाहीत. होस्ट बदलला म्हणून विंडोजला हार्डवेअर बदललं असं वाटून अ‍ॅक्टिव्हेशन मागेल का, ही धास्ती आहे. आणि दुसरं, आता पुन्हा डेमन रीस्टार्ट करावा लागला तर चालू असलेल्या व्हीएम बंद पडतील का? मुलं कामात असताना तसं झालं तर दंगा होईल.

तात्या_टर्मिनल

अभिनंदन.

विंडोजचं आधी. एक्सएमएल उघडून बघा, पण एडिटरने थेट नाही, विर्शच्या 'डम्पएक्सएमएल'ने. त्यात ओएस च्या खाली टाइपमध्ये मशीन असं लिहिलेलं असतं, तुमच्याकडे बहुतेक पीसी-क्यू३५-जॅमी असेल. जॅमी म्हणजे २२.०४ चं टोपणनाव. व्हीएम बनवली तेव्हा कोणता मदरबोर्ड दाखवायचा ठरलं होतं, ते तिथे कोरून ठेवलेलं आहे. क्यूएमयू नवा आला तरी आतल्या विंडोजला तोच जुना बोर्ड दिसतो. यूयूआयडी (व्हीएमचा ओळख क्रमांक) आणि मॅक पत्ताही एक्सएमएलमधलेच. म्हणून मघाशी मीनलताई पर्जवर एवढ्या ओरडल्या. व्याख्या नव्याने केली असती तर विंडोजने नक्की भुवया उंचावल्या असत्या. आता निर्धास्त चालू करा.

डेमनचं: बंद पडत नाहीत. प्रत्येक व्हीएम म्हणजे क्यूएमयूची स्वतंत्र प्रोसेस. लिबव्हर्टडी तिच्याशी मॉनिटर सॉकेटमधून बोलतो, तेवढंच. डेमन मेला तरी प्रोसेस चालू राहते, डेमन परत आला की /रन मधल्या नोंदी वाचून पुन्हा जोडून घेतो. मधल्या वेळात तुम्हाला विर्शने हुकूम देता येणार नाहीत, मुलांना मात्र पत्ताही लागणार नाही. होस्टच रीबूट केला तर गोष्ट वेगळी, तिथे लिबव्हर्ट-गेस्ट्स ही सर्व्हिस व्हीएम नीट बंद करायचं बघते. ती एनेबल आहे ना, तेवढं तपासा.

लॅबवाला_सांगली

विंडोज दोन्ही चालू झाल्या, काहीही मागितलं नाही. गेस्ट्स सर्व्हिस डिसेबल होती, एनेबल केली.

शेवटची_लोकल

रुमाल टाकला होता तो उचलायला आलो तर गाडी सुटली. पण एक प्रश्न माझा. आमच्याकडे उलटं आहे, एका प्रकल्पासाठी मला लिबव्हर्टमध्ये खरोखरच पॅच लावून बघायचाय. लोकलमध्ये टाकायचं नाही, पॅकेजवर टाकायचं नाही, मग टाकायचं कुठे?

जुना_खोड

कुठेच टाकायचं नाही. ६.७.० पासून लिबव्हर्टचा बिल्ड मेसन या बिल्डच्या साधनावर आहे. बिल्ड झाला की त्याच फोल्डरमध्ये 'रन' नावाची छोटी स्क्रिप्ट तयार होते. तिच्यापुढे विर्श किंवा डेमनचं नाव द्यायचं, ती रस्ते असे लावून देते की बिल्डमधलीच लायब्ररी आणि बिल्डमधलेच ड्रायव्हर उचलले जातात. सिस्टमवर काही इन्स्टॉल होत नाही. फोल्डर पुसलं की मागे काही उरत नाही. फक्त सिस्टमचा लिबव्हर्टडी आणि त्याची सॉकेट आधी थांबवा, दोघं एकाच सॉकेटवर हक्क सांगतील.

आणि नुसता इंटरफेस चाचपायचा असेल तर टेस्ट नावाचा ड्रायव्हर आहे. पत्त्यात टेस्ट आणि पुढे डीफॉल्ट द्या, एक खोटी व्हीएम मिळते. चालू करा, बंद करा, पुसा, खरं काहीच हलत नाही. लॅबवाले, तुमच्या मुलांना विर्श शिकवायचं असेल तर पहिले तास त्यावर घ्या, सर्व्हरला हात लागायला नको.

गणपा_गोंधळी

हे आधी माहीत असतं तर मी निम्मे पर्ज मारले नसते. वाचनखूण साठवली.

लॅबवाला_सांगली

टेस्ट ड्रायव्हर आत्ताच करून बघितला, झकास आहे. सोमवारच्या बॅचला तोच देतो. त्या सरांच्या जुन्या फायली रूटच्या फोल्डरमध्ये ठेवल्यात, सोबत एक टेक्स्ट फाइलही, काय, कधी, कुठून हलवलं त्याची. धागा बंद करायला हरकत नाही.